तरोटा: भाजी कधी, तण कधी, बी कधी

मिरगाचे दोन पाऊस चांगले झाले की आठवडाभरात आमच्या पांदणीच्या (शेताकडं जाणाऱ्या वाटेच्या) दोन्ही कडा हिरव्या होतात. गवत नंतर येतं, आधी येतो तरोटा. उकिरड्याच्या कडेला, गायरानात, पडक्या वाड्याच्या पांढरीत, रस्त्याचं काम करून मुरूम टाकलेल्या जागी, गंगेचं पाणी ओसरून गेलेल्या काठावर. (आमच्याकडे गोदावरीला गोदावरी म्हणणारा माणूस बाहेरचा समजावा.) जिथं माती कुणीतरी उकरली, तुडवली किंवा पाण्यानं आणून टाकली, तिथं हा हजर. दोन महिन्यांत कमरेएवढा होतो, पोळ्याच्या आगेमागे पिवळ्या फुलांनी भरतो, दिवाळीनंतर वाळून खडखडतो आणि उन्हाळ्यात नावालाही उरत नाही.

कोकणात आणि पुण्याकडे याला टाकळा म्हणतात, मराठवाड्यात आणि विदर्भात तरोटा, संस्कृतात चक्रमर्द. वनस्पतिशास्त्रातलं नाव सेन्ना टोरा. जुन्या पुस्तकांत कॅसिया टोरा असं सापडेल. झाड एकच. तरवड मात्र वेगळा. त्याचीही फुलं पिवळी, पण ते बारमाही झुडूप आहे, माळावर वर्षानुवर्षं उभं असतं. नावं जवळची असल्यानं शहरातली मंडळी हमखास घोळ करतात.

तरोट्याबद्दल मला दर पावसाळ्यात तेच दोन प्रश्न येतात. एक, भाजी कशी करायची. दुसरा, शेतातून घालवायचा कसा. गंमत म्हणजे दोन्ही प्रश्नांचं उत्तर एकाच गोष्टीवर येऊन थांबतं: फूल आलंय की नाही. फुलाआधीचा तरोटा, फुलातला तरोटा आणि शेंग वाळलेला तरोटा या कामाच्या दृष्टीनं तीन वेगळ्या वस्तू आहेत. पुढं सगळं त्याच क्रमानं सांगतो.

आधी ओळख, आणि ती घाईत नको

उगवलेलं रोप अगदी लहान असताना दोन गोलसर, जाड दलं दिसतात. नंतर खरी पानं फुटतात. एका देठावर पानांच्या तीन जोड्या, म्हणजे सहा पानं. टोकाची जोडी सगळ्यात मोठी, देठाकडची लहान. प्रत्येक पान देठाशी निमुळतं आणि टोकाला गोल, उलट्या थेंबासारखं. भुईमुगाच्या शेतात हा उगवला तर नवख्या माणसाला दोन्ही सारखेच वाटतात. तिथं पानं मोजायची. भुईमुगाला चार, तरोट्याला सहा.

आता जरा जवळून बघा. पान उलटंसुलटं करून खालच्या दोन जोड्यांच्या मध्ये देठावर बोट फिरवा. तिथं नारिंगी रंगाचा, बाजरीच्या दाण्याहून बारीक, उभा काटक्यासारखा ठिपका दिसेल. ती गोड रस पाझरणारी ग्रंथी. सकाळी बघितलं तर बहुतेक वेळा तिथं मुंगी असते, तोंड लावून निवांत बसलेली. या ग्रंथी पानांच्या जोड्यांच्या मधे असतात, देठाच्या बुडाशी नसतात, ही खूण पक्की लक्षात ठेवा. पुढं ती जीव वाचवणारी ठरू शकते.

पान चुरगाळून वास घ्या. उग्र, नकोसा वास येतो. म्हणूनच गाय, बैल, म्हैस सहसा तोंड लावत नाहीत आणि म्हणूनच चरून चरून टक्कल पडलेल्या गायरानात हा एकटा माजतो. गायरानात तरोटाच तरोटा दिसला तर समजावं, की चाऱ्याचं गवत जनावरांनी संपवलं आणि रिकामी जागा यानं धरली. आणखी एक खूण संध्याकाळची. दिवस मावळला की पानं जोडीजोडीनं मिटतात, झाड झोपल्यासारखं दिसतं. त्यामुळं भाजी खुडायला सकाळीच जायचं. मिटलेल्या पानांवरून ओळख पटवायला जाऊ नये.

फूल पिवळंधमक, पाच पाकळ्यांचं, पानाच्या बगलेत बहुधा जोडीनं येतं. त्यात मध नसतो. तरीही भुंगे येतात, कारण त्यांना पराग हवा असतो. या कुळातल्या फुलांत परागकोश उलत नाहीत, टोकाला बारीक भोक असतं. मग भुंगा फुलाला मिठी मारतो आणि अंग थरथरवतो, की पराग मिठाच्या डबीतून मीठ सांडावं तसा बाहेर पडतो. सकाळी आठ-नऊच्या सुमारास तरोट्याच्या ताटव्यात उभं राहिलात तर थांबून थांबून येणारी ती गुरगुर ऐकू येते.

शेंग बारीक, लांब, वीतभर किंवा त्याहून थोडी कमी, विळ्यासारखी किंचित वाकडी. आत तपकिरी, चकाकणारे, तिरकस कापल्यासारखे चौकोनी दाणे.

याच्यासारखे दिसणारे

इथं मी जास्त वेळ घेणार आहे. रानभाजीचे व्हिडिओ बघून पिशवी घेऊन निघणारी मंडळी वाढली आहेत आणि व्हिडिओत ही गोष्ट कुणी धड सांगत नाही.

सगळ्यात महत्त्वाचा कासविंदा. तरोट्याचाच भाऊबंद, त्याच उकिरड्यावर, त्याच दिवसांत, तसल्याच पिवळ्या फुलांचा. पण पानं बघा. चार-पाच जोड्या असतात आणि प्रत्येक पानाला टोक असतं, भाल्यासारखं. ग्रंथी एकच, देठ जिथं खोडाला चिकटतो तिथं अगदी बुडाशी, काळपट फुगीर. शेंग चपटी, रुंद आणि वर तोंड केलेली. तरोट्याची बारीक शेंग आणि ही चपटी शेंग शेजारी ठेवली तर शंका उरत नाही. कासविंद्याच्या बिया विषारी आहेत. पश्चिम उत्तर प्रदेशात बरीच वर्षं पावसाळा संपता संपता लहान मुलं अचानक उलट्या होऊन, बेशुद्ध पडून दगावत होती. मेंदूज्वर म्हणून त्याकडं बघितलं जायचं. 2000 नंतरच्या दशकात विषाणुतज्ज्ञ डॉ. टी. जेकब जॉन आणि तिथल्या डॉक्टरांनी मागोवा घेतला, तेव्हा मुलांनी खेळता खेळता कासविंद्याच्या शेंगांतले दाणे खाल्ल्याचं निघालं. यकृत, स्नायू आणि मेंदू तिन्हींवर परिणाम. आमच्या अंगणाच्या कडेला कासविंदा उगवला तर मी तो हिरवा असतानाच उपटतो. घरात लेकरं असतील तर तुम्हीही उपटा. कासविंद्याचा कोवळा पालाही काही ठिकाणी खातात, हे मला ठाऊक आहे. मी त्या वाटेला जात नाही.

दुसरा, मूळचा अमेरिका खंडातला, एक केसाळ तरोटा. शास्त्रीय नाव सेन्ना युनिफ्लोरा. हा आता दख्खनच्या रस्त्यांच्या कडेला भरपूर झाला आहे. खोडावर तांबूस लव, पानांच्या तीन ते पाच जोड्या, आणि शेंग बोटाच्या दोन पेरांएवढी, दाण्यादाण्यामध्ये आवळलेली, गाठीगाठीची. अंगावर लव दिसली की भाजीसाठी सोडून द्यायचा. गाजरगवताविरुद्ध मात्र तो चालतो.

तिसरी पिवळी तिळवण. ती चिकट असते, हाताला लागते, पाकळ्या चार. ती तरोट्यात मिसळण्याचं कारण नाही, पण लांबून पिवळं दिसतं म्हणून सांगून ठेवलं.

खुडणी: मिरग ते पुष्य

भाजीचा काळ फार तर पाच-सहा आठवड्यांचा. 7-8 जूनला मृग लागतं, पण खरा पाऊस कधी पडतो त्यावर सगळं अवलंबून. आमच्याकडे बहुधा आर्द्रात पहिली खुडणी होते आणि पुष्य नक्षत्र संपेपर्यंत, म्हणजे जुलैअखेरपर्यंत चालते. पाऊस लांबला तर हे सगळं पुढं सरकतं, त्यामुळं कॅलेंडरपेक्षा झाड बघावं. रोप वीतभर उंच, शेंडा पोपटी, पान बोटांत धरून ओढलं की सहज तुटतं, हा उत्तम काळ. देठ मोडताना तार निघाली की उशीर झाला. कळी दिसली की विषय संपला.

एकदा कॉलेजात असताना मी भाद्रपदात पिशवीभर तरोटा घेऊन घरी गेलो होतो. पिवळी फुलं दिसत होती, म्हटलं घरचे खूश होतील. आमच्या मोठ्या मायनं (आजीला आम्ही हेच म्हणायचो) एक काडी उचलून बघितली.

"काहून आणलास रे हे? पोळा होऊन गेला की."

"भाजीला आणलं, माय."

"आता याला ढोर तोंड लावंना अन् तू खाणार व्हय? नेऊन टाक उकिरड्यावर. शेंगा धरल्या नसतील त्याच टाक मात्र."

त्या शेवटच्या वाक्यातलं शहाणपण मला पंधरा वर्षांनी कळलं. ते कंपोस्टच्या वेळी सांगतो.

जागा कुठली निवडायची, हा आजकाल ओळखीइतकाच नाजूक मामला आहे. सोयाबीन पेरून वीस-पंचवीस दिवस झाले की शिवारात तणनाशकाचे पंप फिरतात आणि नेमका तोच तरोट्याच्या भाजीचा काळ. बांधावरचा, धुऱ्यावरचा, शेतातला तरोटा तुमच्या स्वतःच्या शेतातला नसेल तर घेऊ नका. स्वतःचा असला तरी शेजाऱ्यानं कधी फवारलं ते विचारा, वारं धुरा ओळखत नाही. हमरस्त्याच्या कडेचा नको, नालीतला नको, कारखान्याच्या सांडपाण्याजवळचा तर नकोच. मी देवस्थानाच्या मोकळ्या जमिनीतला आणि स्वतःच्या परसातला खुडतो.

खुडताना झाड उपटायचं नाही. वरचा चार बोटं शेंडा नखानं तोडायचा. खालून दोन फांद्या फुटतात आणि दहा-बारा दिवसांनी त्याच झाडावर पुन्हा खुडणी होते. एका ताटव्यात तीन वेळा तरी भाजी मिळते.

निवडणं, उकडणं, फोडणी

चार माणसांच्या भाजीला सहा-सात ओंजळी पाला लागतो. तेवढा बघून घाबरू नका, उकडल्यावर मूठभर उरतो. पानं देठावरून ओरबाडून घ्या. मधला देठ अगदी कोवळा असेल तरच ठेवा. निवडताना पानाखाली बघत जा. काही पांढरट-पिवळसर फुलपाखरं तरोट्यावर अंडी घालतात आणि त्यांच्या अळ्या पानाच्याच हिरव्या रंगाच्या असतात. पानाला अर्धवर्तुळाकार कुरतडलेलं दिसलं की अळी जवळपास आहे समजा. मग तीन पाण्यांतून धुवा. आपल्या काळ्या मातीचा चिखल पहिल्या पाण्यात निघत नाही.

मोठ्या पातेल्यात पाणी खळखळ उकळू द्या, त्यात पाला घाला, झाकण न ठेवता पाच मिनिटं. झाकण नको, कारण तो उग्र वास वाफेबरोबर जायला हवा. चाळणीत ओता, गार होऊ द्या, आणि दोन्ही तळहातांत घट्ट पिळून गोळा करा. पिळलेलं पाणी टाकून द्यायचं. कुणी म्हणेल सत्त्व जातं. थोडं जातंही. पण तरोट्यात पोट ढिलं करणारी द्रव्यंही असतात, ती काही प्रमाणात त्या पाण्याबरोबर जातात, आणि कडसरपणाही.

आता फोडणी. हरभऱ्याची डाळ अर्धी वाटी, दोन तास आधी भिजत घातलेली. तेल शक्यतो करडीचं. मराठवाड्यात अजून करडी पेरणारी माणसं आहेत, लाकडी घाण्याचं तेल मिळालं तर सोडू नका, याच भाजीला ते शोभतं. दोन पळ्या तेल, मोहरी, जिरं, मग दहा-बारा लसणाच्या पाकळ्या ठेचून. लसूण कंजूषपणे घालायचा असेल तर तरोटा करूच नका. लसणाच्या कडा तांबूस झाल्या की चार-पाच हिरव्या मिरच्यांचे तुकडे आणि एक मोठा कांदा. कांदा मऊ झाला की हळद आणि निथळलेली डाळ. झाकणावर पाणी ठेवून मंद आचेवर डाळ शिजवा. बोटानं दाबल्यावर फुटावी, पण पीठ होऊ नये. मग पाल्याचा गोळा मोकळा करून घाला, मीठ घाला, सात-आठ मिनिटं परता. शेवटी शेंगदाण्याचा जाडसर कूट दोन चमचे. ज्वारीची भाकर, वर कच्चा कांदा फोडून. बाजूला दही असलं तर बरं.

डाळ नसेल तर बेसन पेरून कोरडी करतात. ताक आणि बेसन लावून पातळही करतात. ती मला फारशी आवडत नाही, ताकाचा आंबटपणा आणि तरोट्याचा उग्रपणा एकमेकांच्या अंगावर येतात. घरात मात्र दोन मतं आहेत.

पहिल्यांदा खाणाऱ्यानं दोन-तीन घासच खावे. तरोट्याच्या पानांत आणि बियांत सोनामुखीच्या जातीची रेचक द्रव्यं असतात (सोनामुखी याच सेन्ना कुळातली). बहुतेकांना काही होत नाही, काहींना दुसऱ्या दिवशी दोनदा जास्त जावं लागतं. गरोदर बाई, तान्ही लेकरं, जुलाब चालू असलेला माणूस यांना देऊ नये. आणि रोज खायची भाजी नव्हे ही. आठवड्यातून एकदा पुरे.

गजकर्णावर तरोट्याचा पाला किंवा बी वाटून लावायची चाल जुनी आहे. चक्रमर्द हे नाव त्यावरूनच, चकत्यांना मर्दन करणारा. पण आता बाजारातली स्टेरॉइड मिसळलेली मलमं लावून लावून गजकर्ण इतकं चिवट झालंय, की त्वचारोगाच्या डॉक्टरकडं न जाता पाल्यावर बसून राहणं शहाणपणाचं नाही.

शेतातला तरोटा

सोयाबीनमध्ये, तुरीत, कापसात हा तणच आहे, त्याबद्दल भावूक होण्याचं कारण नाही. सोयाबीनचे पहिले सहा आठवडे पीक तणमुक्त राहिलं पाहिजे. दोन कोळपण्या आणि एक खुरपणी वेळेवर झाली तर तरोटा आवाक्यात राहतो. कोळप्याचं पातं त्याला तीन-चार पानांवर असतानाच गाठतं. एकदा सोटमूळ खाली गेलं की पातं वाकडं होतं, तरोटा नाही.

तणनाशकावर विसंबणाऱ्यांसाठी एक गोष्ट. सोयाबीनमध्ये उगवणीनंतर सर्रास मारतात ते इमाझेथापायर शेंगवर्गीय पिकाला सोसतं म्हणून निवडलेलं असतं. तरोटाही शेंगवर्गीयच. माझ्या रानात त्या फवाऱ्यानंतर बाकीचं तण पिवळं पडलं आणि तरोटा चार दिवस रुसून पुन्हा उभा राहिला. बाकी तण मेल्यानं त्याला उलट मोकळं रान मिळालं. त्यामुळं ज्या पट्ट्यात तरोटा जास्त आहे तिथं माणूस लावून खुरपून घेणं मला स्वस्त पडतं. दुसरं औषध निवडायचं तर तालुक्याच्या कृषी अधिकाऱ्याला किंवा कृषी विज्ञान केंद्राला तणाचं नाव सांगून विचारा. दुकानदाराला "तण मरंल असं काहीतरी द्या" म्हणू नका.

शेंगवर्गीय आहे म्हणजे नत्र स्थिर करतो, असं पुष्कळ जण मानतात. मूळ उपटून बघा, गाठी दिसत नाहीत. या सेन्ना कुळात त्या होत नाहीत. तरीही पाला हिरवळीचं खत म्हणून चांगला कुजतो. कळ्या दिसायला लागल्या की विळ्यानं बुडातून कापायचा आणि सीताफळाच्या, मोसंबीच्या आळ्यात किंवा कापसाच्या दोन ओळींत पसरायचा. आठ-दहा दिवसांत पानं गळून मातीला लागतात, काड्या राहतात. त्या श्रावणातल्या उघडिपीत ओल धरून ठेवतात.

कंपोस्टच्या खड्ड्यात टाकणार असाल तर मोठ्या मायची अट पाळा. शेंगा धरलेला तरोटा टाकायचा नाही. बियांचं कवच इतकं कडक, की साधा उकिरडा त्यांना मारत नाही. मी एका वर्षी शेंगांसकट टाकला, पुढच्या वर्षी ते खत मिरचीच्या वाफ्यांत घातलं, आणि मिरचीआधी तरोटा उगवला. तोही एका झटक्यात नाही, तीन पावसाळे हप्त्याहप्त्यानं.

गाजरगवताच्या जागी तरोटा

गाजरगवत, म्हणजे काँग्रेस गवत, पुण्यात 1950 च्या दशकात दिसलं आणि अमेरिकेतून आलेल्या गव्हाबरोबर ते आलं असं सांगतात. मराठवाड्यात असं गाव नसेल जिथं ते नाही. अंगाला खाज, चट्टे, दमा. एका झाडाला हजारोंनी बी. त्यावर सोडलेला मेक्सिकन भुंगा 1980 च्या दशकात भारतात आणला गेला. पावसाळ्यात तो पानं खातो, पण उघडीप पडली की जमिनीत जाऊन बसतो. तरोटा इथं कामाला येतो, कारण तो दाट उगवतो, लवकर वाढतो आणि खालच्या गाजरगवताच्या रोपांना ऊन मिळू देत नाही. जनावरं खात नाहीत, त्यामुळं मोकळ्या जागेतही टिकतो. पांदण, शाळेमागची पडीक जागा, स्मशानभूमीची कड, पाझर तलावाच्या भिंतीखालची ओलसर पट्टी अशा जागी हा उपाय चालतो. पिकाच्या शेजारी चालत नाही, कारण मग तोच शेतात शिरतो.

पहिल्यांदा मी हे केलं ते चुकीचं केलं. दिवाळीनंतर गोळा केलेलं पाच किलो बी जूनमध्ये पांदणीत तसंच फेकलं. दहातलं एखादं उगवलं असेल. गाजरगवत जसंच्या तसं. उरलेलं बी पाण्याबरोबर वाहून माझ्याच सोयाबीनमध्ये गेलं, ते पुढची दोन वर्षं निघत होतं. चूक दोन ठिकाणी होती: बियांचं कवच फोडलं नव्हतं, आणि उताराचा विचार केला नव्हता.

आता असं करतो. मे महिन्याच्या शेवटी गोणपाटाच्या पोत्यात एक भाग बी आणि दोन भाग जाड वाळू घालून तोंड बांधतो. पोतं फरशीवर ठेवून पायानं पंधरा-वीस मिनिटं रगडायचं. बियांची चकाकी जाऊन अंगावर धुरकट ओरखडे दिसले पाहिजेत. मग परीक्षा. वीस दाणे ओल्या फडक्यात बांधून रात्रभर ठेवायचे. सकाळी जे फुगून दुप्पट झाले ते उगवणार, जे जसेच्या तसे कडक ते नाही. वीसातले बारा-तेरा फुगले की रगडणं पुरे, नाहीतर अजून एक फेरी. वाळूचा कंटाळा असेल तर पाणी उकळून खाली उतरवायचं, त्यात बी टाकून रात्रभर ठेवायचं. पण उकळत्या चुलीवर ठेवू नका, बी शिजतं. आणि भिजलेलं बी त्याच दिवशी पेरावं लागतं, रगडलेलं कोरडं बी पावसाची वाट बघू शकतं.

पेरणीआधी उभं गाजरगवत फुलाआधी उपटायचं. हातमोजे, पूर्ण बाह्या, नाकाला रुमाल. ज्याला एकदा चट्टे आले त्यानं या कामाला जाऊच नये. मग खराट्यानं वरची माती थोडी हलवून बी फेकायचं, पुन्हा खराटा फिरवायचा. दहा बाय दहा फुटाला दोन मुठी बी मी टाकतो. विरळ टाकलं तर मधल्या फटीतून गाजरगवत डोकं काढतं, मग सगळीच मेहनत पाण्यात. पहिल्या वर्षी जुलैत एकदा जाऊन फटीतलं गाजरगवत हातानं काढावंच लागतं. दुसऱ्या वर्षी तरोटा स्वतःच्या बियांवर उगवतो. तिसऱ्या वर्षी आमच्या पांदणीत गाजरगवत शोधावं लागत होतं. उताराच्या खालच्या बाजूला मात्र मी हातभर रुंद गवताची पट्टी सोडतो, म्हणजे बी वाहून शेतात जात नाही.

बी धरताना

कार्तिकात शेंगा तपकिरी झाल्या की सकाळी दव असताना कापायच्या. दुपारी कापल्या तर हातातच तडकतात आणि अर्धं बी जमिनीला जातं. ताडपत्रीवर चार दिवस वाळवा, काठीनं झोडपा, सुपानं पाखडा. कापताना कासविंद्याची चपटी शेंग एकही आत येऊ देऊ नका. विकायचं असेल तर पुढं ते खाण्याच्या कामी जाऊ शकतं. तरोट्याच्या बियांपासून डिंकासारखी पूड करतात, ती अन्नपदार्थ घट्ट करायला आणि कुत्र्या-मांजरांच्या डबाबंद खाद्यात वापरतात. चीन आणि कोरियात याच जातीच्या भाजलेल्या बियांचा चहा पितात. छत्तीसगडात हे बी चरोटा या नावानं रानातून गोळा करून विकलं जातं. आपल्याकडे भुसार व्यापाऱ्याला आधी विचारून मगच कापायला माणसं लावा. भाव मजुरीएवढा निघत नाही असं मला दोन वर्षं दिसलं, तेव्हापासून मी फक्त पांदणीपुरतं बी ठेवतो.

ते बी कोरड्या पत्र्याच्या डब्यात, वर चिठ्ठी लावून: "तरोटा, पांदणीसाठी, खायचं नाही". चिठ्ठी लावायला लागलो, कारण एकदा आमच्या मावशींनी ते हुलगे समजून भिजत घातले होते. सकाळी अर्धे फुगले होते, अर्धे नव्हते, तेवढ्यावरून त्यांच्या लक्षात आलं.